क्लीटचं तोंड

हर्मन पिल्चिकच्या डोक्याचा भुगा झाला होता, आणि अजून एक सीन बाकी होता.

हर्मन हॉलिवूडमध्ये पिक्चर काढायचा. मोठे स्टुडिओवाले एका पिक्चरला वर्ष लावायचे, हा आठवड्यात एक घोडेस्वारांचा पिक्चर उरकायचा. पिक्चर मुके होते तोवर बरं होतं. कॅमेरा फिरत असताना शिव्या घाला, ढेकर द्या, ऐकतंय कोण? आता ते बोलायला लागले नि सगळ्यांची तोंडं शिवायची वेळ आली. आवाज टिपणारा ट्रक भाड्याचा, संध्याकाळी परत जाणार. कॅमेऱ्याची घरघर माईकमध्ये जाऊ नये म्हणून हर्मनने बायकोची पिसांची रजई उचलून आणून त्याच्यावर गुंडाळली होती. रजईत कॅमेरावाला ओटो उकडून निघत होता.

सीन एवढासाच. क्लीट वॅडेलने घोड्याच्या मानेवर हात ठेवायचा आणि म्हणायचं, "चल गड्या, आपलं इथलं काम झालं."

क्लीटची उमर हिरोच्या बदली घोड्यावरून पडण्यात गेली होती. तोंड हिरोचं दाखवायचं, म्हणून क्लीटची कायम पाठ. बरगड्या ह्याच्या मोडायच्या, टाळ्या त्याला. हर्मनने शब्द दिला होता, या खेपेला हिरो तूच आणि तोंडही तुझंच. पिक्चर विकत घेणारा "कोण हा क्लीट?" म्हणाला, तर हर्मनने त्याला दार दाखवलं होतं.

कॅमेरा सुरू झाला. क्लीट "चल गड्या" म्हणाला आणि टोपी खाली ओढून त्याने तोंड पलीकडे फिरवलं.

"थांबा. क्लीट, कुठे बघतोयस?"

"घोड्याकडे."

"घोडा इकडे आहे. तू कुंपणाकडे बघतोयस."

"सवय रे. कॅमेरा दिसला की मान आपोआप वळते."

"मग आपोआप सरळ ठेव."

परत तेच. त्यानंतरही तेच. ट्रकमधून आवाजवाल्या टॅगर्टने डोकं काढलं.

"मिस्टर पिल्चिक, पाठमोराच घ्या की. माझी निघायची वेळ झाली."

"तुम्ही वायरी बघा, मला अक्कल शिकवू नका."

"घे ना पाठमोरा," क्लीट म्हणाला. "माझी हरकत नाही."

"माझी आहे. टोपी खोगिराला अडकव आणि घोड्याला पाणी पाजून आण. जा."

तो गेल्यावर हर्मनने कॅमेरा उचलून कुंपणाजवळच्या गवताच्या गंजीत खुपसला. नुसती काच बाहेर. एवढ्या गवतातून घरघर बाहेर यायची नाही. जुन्या जागी कॅमेऱ्याच्या तिकाटण्यावर रिकामं खोकं ठेवलं आणि त्याला रजई गुंडाळली.

"खोक्यासमोर सीन करायचा त्याने?" ओटोने गवतातून विचारलं.

"तू गप रीळ फिरव."

क्लीट आला, घोड्याजवळ उभा राहिला. रजईकडे बघितलं आणि नेहमीसारखं तोंड फिरवलं, थेट गंजीकडे. उन्हात ते मोडकं नाक, ते डोळे. "चल गड्या, आपलं इथलं काम झालं."

ट्रकमधून टॅगर्टने मान डोलावली. आवाज स्वच्छ.

"माफ कर हर्मन, परत वळलो," क्लीट म्हणाला. "अजून एकदा घेऊ?"

"नको. हात टेकले तुझ्यापुढे. जा, खोगीर उतरव."

क्लीट मान खाली घालून गेला. ओटो अंगावरचं गवत झटकत बाहेर आला.

"अहो, सांगा ना त्याला."

"थिएटरात बघेल. आत्ता सांगितलं तर तिथे पडद्याकडेही पाठ करून बसेल, गाढव."