सहा वेळा ‘घर बंद’

आमच्या घरात दोन सरकारं नांदत होती. हे पोस्टमन, म्हणजे दिल्लीच्या सरकारचे. मी राज्य सरकारच्या एका कचेरीत टायपिस्ट, म्हणजे मुंबईच्या सरकारची. सोलापूरच्या पूर्व भागात दोन खोल्या, चारी बाजूंनी मागांची खडखड आणि उंबऱ्याशी विड्या वळत बसलेल्या सासूबाई. महागाई वाढली की दिल्ली यांचा भत्ता वाढवायची. मुंबई मला ‘बघू’ म्हणायची आणि बघतच बसायची. तेल मात्र आम्ही एकाच वाण्याकडून आणत होतो. जेवताना हे चिडवायचे, “आमची महागाई जरा जास्त महाग हाय.” मला हसू यायचं नाही.

आणीबाणी उठली त्या वर्षी, थंडीत, राज्याच्या कर्मचाऱ्यांचा संप सुरू झाला. मागणी अशी की केंद्राच्या दराने महागाई भत्ता द्या. म्हणजे माझ्यापुरतं बोलायचं तर नवऱ्याएवढा मला द्या. मी पहिल्याच दिवशी बाहेर पडले. माझी नोकरी अजून कच्ची होती आणि सरकार आधी कच्च्यांनाच धरणार हे मला कळत होतं. तरी पडले. स्वभावाला औषध नाही.

काही आठवड्यांनी नोटिसा निघाल्या. असल्या नोटिसा मी स्वतः कितीदा टाइप केल्या होत्या. नोटीस मिळाल्यापासून सात दिवसांत हजर व्हा, नाहीतर नोकरी संपली. ती रजिस्टर टपालाने यायची. सही केली की दिवस मोजायला सुरुवात. घेणार नाही म्हटलं तर पोस्टमन ‘घेण्यास नकार’ असा शेरा मारणार, आणि नकार म्हणजे मिळाल्यासारखंच. एकच वाट उरायची, दाराला कुलूप. मग पोस्टमन पाकिटावर ‘घर बंद’ लिहितो, दुसऱ्या दिवशी पुन्हा येतो, आणि सात दिवस असं झालं की पाकीट आल्या वाटेने परत जातं. सभेत पुढाऱ्यांनी हाच सल्ला दिला.

गंमत अशी की आमच्या भागातले सगळे संपकरी यांच्याच बीटमध्ये, म्हणजे टपाल वाटायच्या हद्दीत. एरवी मनिऑर्डरीसाठी यांची वाट बघणाऱ्या बायका यांची सायकल दिसली की दार लावून घ्यायच्या. हे दार वाजवायचे, थांबायचे, आतून भांड्याचा आवाज आला की पुन्हा वाजवायचे. दार उघडलं की नोटीस हातात द्यायचे. सभेत मी गेले की बायकांचं बोलणं थांबायला लागलं. मला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं.

माझ्याच कचेरीतली एक मुलगी दोन गल्ल्या सोडून राहायची. तीही कच्ची, पदरात तान्हं मूल. तिच्यासाठी मी यांच्याकडे शब्द टाकला. तिच्या पाकिटावर ‘घर बंद’ लिहा, एवढंच. हे म्हणाले, “मी खोटा शेरा मारत न्हाय.” दुसऱ्या दिवशी यांनी तिच्या हातात नोटीस ठेवली. चौथ्या दिवशी ती रडत रडत कामावर हजर झाली. त्या संध्याकाळी मी यांना नाही नाही ते बोलले. “तुम्हाला काय, तुमचा पगार दिल्लीहून येतो,” असंही म्हटलं. हे भाकरी अर्धी टाकून उठले. त्यानंतर आमचं बोलणं सासूबाईंच्या मार्फत व्हायला लागलं.

मग दोन दिवसांनी यांनी दुपारचं घरी यायचं सोडलं. लग्न झाल्यापासून हे बीटवरून एकच्या सुमाराला जेवायला घरी यायचे. आता सकाळीच कडक भाकरी फडक्यात बांधून न्यायला लागले. राग, दुसरं काय, असं मी धरून चालले. मलाही राग होताच, मी विचारलं नाही. माझी नोटीस मात्र येत नव्हती. रोज संध्याकाळी वाटायचं, आजचा दिवस टळला. यादीतून माझं नाव सुटलं असेल अशी वेडी आशाही वाटायला लागली.

असा आठवडा गेला आणि एका दुपारी टपालखात्यातले तपासणीचे साहेब दारात उभे राहिले. मी आत कपडे धूत होते. बाहेर त्यांनी सासूबाईंना विचारलं, दिवसा घराला कुलूप असतं का? सासूबाईंनी विडीचा दोरा दाताने तोडला आणि म्हणाल्या, “कुलूप कशाला? मी हितंच असती की दिवसभर.”

मी ओल्या हातांनी बाहेर आले. साहेबांनी पिशवीतून लांबट पाकीट काढून समोर धरलं. वर माझं नाव, पत्ता माझ्याच कचेरीच्या टाइपरायटरवर उठवलेला. पाठीवर एकाखाली एक सहा ओळी, प्रत्येकीपुढे तारीख. घर बंद. घर बंद. अक्षर यांचं. ज्या माणसाने बाळंतिणीसाठी एक खोटी ओळ लिहिली नाही, त्याने माझ्यासाठी सहा लिहिल्या होत्या.

साहेब वाईट माणूस नव्हता. तक्रार आली होती म्हणे, पोस्टमनच्या बायकोलाच बरी नोटीस मिळत नाही. तो हळू आवाजात म्हणाला, “बाई, आज सातवा दिवस. आज घेतलंत तर पत्र मुदतीत पोचलं, मी खालच्या खाली मिटवतो. परत गेलं तर हे शेरे वरपर्यंत जातील. मग त्याची नोकरी राहत नाही.”

म्हणजे सही केली तर माझी नोकरी, नाही केली तर यांची. बरोबरीच्या भत्त्यासाठी एवढी भांडले, आणि बरोबरी आली ती अशी. मी पदराला हात पुसले आणि सही केली. खाली तारीख घातली.

संध्याकाळी हे आले. यांना पोस्टातच कळलं होतं. किती दिवसांनी माझ्याशी सरळ बोलले. “सही करायला नको हुतीस.”

मी म्हटलं, “दुपारी जेवायला का येत नव्हता? माझा राग म्हणून?”

यांनी मान हलवली. “आत बसून जेवायचं आन् भाईर जाऊन घर बंद लिवायचं, तेवढं न्हाय जमलं.”

सहा दिवस हे गल्लीच्या टोकाला, मागाच्या शेडमागे बसून भाकरी खात होते आणि मी घरात बसून यांना शिव्या घालत होते. मला रडू आवरेना.

सात दिवसांत मी हजर झाले नाही. यांनीही ‘जा’ म्हटलं नाही. आठव्या दिवसापासून कागदोपत्री मला नोकरी नव्हती आणि ते दिवस आम्ही कसे काढले ते आमचं आम्हाला माहीत. पुढे संप मिटला, तडजोडीत नोटिसा मागे घेतल्या गेल्या, मी कामावर गेले. सरकार बदलल्यावर केंद्राच्या दराचा भत्ताही मिळाला. ते पाकीट मी लग्नाच्या शालूत ठेवलंय. जन्मभर लोकांची पत्रं वाहणाऱ्या या माणसाने मला कधी एक चिठ्ठी लिहिली नाही. माझ्यासाठी लिहिलेलं त्यांचं एवढंच.

साहेबाने शब्द पाळला, फक्त यांची बीट बदलली. नवी बीट पार होटगी रोडकडे, तिथून दुपारी घरी येणं शक्य नव्हतं. सासूबाई एकच्या सुमाराला विड्यांचं सूप बाजूला सारायच्या आणि गल्लीच्या तोंडाकडे बघत बसायच्या. बीट का बदलली, असं त्या विचारायच्या. साहेबाला त्यांनी काय सांगितलं होतं याची आठवण आम्ही दोघांनी त्यांना शेवटपर्यंत करून दिली नाही.