डांबराचे आकडे

झाडाखाली कुणी बोलायला लागलं की बाई आधी हात वर करायच्या. "थांबा. त्यांना आधी आपल्याला बघू द्या." त्यांना म्हणजे पोपटांना. कलेक्टर असो की शेळ्या राखणारी म्हातारी, नियम एकच.

लातूर नुकता जिल्हा झाला होता, पावसाने दुसऱ्या वर्षीही तोंड फिरवलं होतं, आणि बाई पोपटांचा अभ्यास करायला पुण्याहून आल्या. मी तिथला वनरक्षक. तोवर पाखरांचं काहीही असलं की गाव माझ्याकडे यायचं. ढोलीत डोकावून पिल्लांचं वय सांगणारा मी एकटा! महिनाभरात माझी सद्दी संपली.

हॉटेलवाला गुंडप्पा पूर्वी मला पाहून उठून उभा राहायचा. एकदा मी त्याला म्हटलं, ही पिल्लं आठवड्यात उडतील. तर म्हणतो, "हाव, पण एक बार बाईला इचारतो." माझ्या तोंडावर! त्या दिवशी मी त्याचा चहा अर्धा टाकून उठलो.

टँकरच्या रांगेत एकमेकींच्या झिंज्या उपटणाऱ्या बायका बाईंच्या शब्दावर झाडाखाली पाखरांसाठी मातीच्या परळात पाणी ठेवू लागल्या. मी तीन उन्हाळे हेच सांगत होतो, कुणी ऐकलं नव्हतं. आणि बाई मलाच विचारायच्या, "तुम्ही काय केलं असतं?" उत्तर वहीत लिहून घ्यायच्या. तुम्हीही अशी माणसं पाहिली असतील, ज्यांच्यावर धड रागावताही येत नाही. मी तरीही जळत होतो.

चैत्रात त्यांनी रस्त्याकडेच्या ढोलीच्या झाडांवर खुणा करायला घेतल्या. दुष्काळी कामावरच्या पिंपातून डांबर मागून आणलं आणि नऊ कडुलिंबांवर आकडे काढले. नव्या जिल्ह्यासाठी रस्ता रुंद होणार होता, आणि आमच्याकडे डांबराचा आकडा म्हणजे तोडीचं झाड. मी लांबून, सायकल धरून सगळं पाहिलं. एका हाकेचं काम होतं. पण मनात आलं, एवढी शिकलेली बाई, हेही विचारू दे की मला एकदा! मी सायकलवर टांग टाकली.

दोन दिवस बाई नांदेडला गेल्या, तेवढ्यात ठेकेदाराची माणसं आली. परतल्या तेव्हा पाच लिंब आडवे पडले होते.

"लंबर तर तुमीच टाकलाव, बाई," मुकादम म्हणाला. "लंबर दिसला की तोडायचं. आमाला काय ठाव?"

बाई तिथेच मातीत बसल्या. फुटक्या ढोल्यांतून चार पिल्लं जिवंत निघाली. त्यांना घरी नेऊन मी भिजवलेली डाळ भरवली, दोन जगली. उरलेल्या चार झाडांवरचं डांबर मी त्याच दुपारी खरवडून काढलं. लोक माझं कौतुक करत होते.

बाई कायमच्या निघाल्या तेव्हा स्टँडवर पोचवायला गेलो. सांगून टाकायचं ठरवूनच गेलो होतो. शब्द जुळवत होतो, तेवढ्यात त्याच म्हणाल्या, "त्या दिवशी तुम्ही तिथे असता, तर मला अडवलं असतंत. एवढी खात्री इथे फक्त तुमच्याबद्दल आहे."

मी "हो" म्हणालो. गाडी सुटली. बाई पुन्हा लातूरला आल्या नाहीत.