झारीचं घराणं

लेनिनग्राडच्या त्या बॅले-शाळेत ज्याला त्याला घराणं होतं. वरच्या वर्गाच्या बाई रोग्नेदा अर्काद्येव्हना यांना तर "माझ्या बाईंच्या बाईंना खुद्द त्या फ्रेंच उस्तादांनी हात धरून उभं केलं होतं" हे वाक्य दिवसातून दोनदा म्हटल्याशिवाय जेवण पचत नसे. पियानोवाल्याच्या आजोबांनी म्हणे कुणा थोर नर्तिकेसाठी एकदा स्वरांची पानं उलटली होती. खाणावळीचा आचारीसुद्धा बीटचं सूप वाढताना ते पिऊन कोण कोण नाचून गेलं याची यादी ऐकवी. सूप थंड व्हायचं, यादी संपायची नाही.

अशा ठिकाणी फेव्रोन्या झाखारोव्हनानेच तेवढं बिनघराण्याचं का राहावं?

तिचं काम पाणी शिंपडायचं. मोठ्या दालनाची जुनी लाकडी जमीन रंगमंचासारखीच आरशाकडे उतरत गेलेली. कोरड्या फळ्यांवर पाय घसरतात, म्हणून प्रत्येक धड्याआधी ती पत्र्याची झारी घेऊन यायची आणि आठाचे आकडे काढत पाणी शिंपडायची. फळ्या ते पिऊन टाकत, मग पोरींचे पाय जमिनीला धरून राहत. बत्तीस वर्षं हेच. झारी तिला मावशीकडून मिळालेली, आणि मावशीकडून मिळालं तेच तिचं घराणं.

"ह्या सगळ्यांच्या पायाखाली माझ्या मावशीने पाणी शिंपडलंय," भिंतीवरच्या तसबिरींकडे झारीची चोच करून ती सांगे. त्यातले निम्मे मावशीच्या जन्माआधीच वारलेले. पण तो हिशेब कुणी केला नाही. एकदा हिशेबाला बसलं की रोग्नेदाबाईंच्या बाईंच्या बाईंपर्यंत जावं लागलं असतं, आणि ते कुणालाच परवडणारं नव्हतं.

बॅलेच्या इतिहासावर तर तिचं स्वतःचं मत होतं. "फ्रेंच आला, त्याने नाच बसवले. इटालियन आला, त्याने गिरक्या आणल्या. स्वीडनचा म्हातारा आला, त्याने पोरींचे गुडघे सरळ केले. मग ह्यात रशियन ते काय? पाणी! तो फ्रेंच जन्म काढून गेला इथे, तरी त्याला धड रशियन बोलता आलं नाही म्हणतात. झारीला भाषा लागत नाही."

त्या फेब्रुवारीत फिनलंडहून फळ्यांवर अंथरायचं लिनोलियम आलं. राखाडी, गुळगुळीत आणि परदेशी. त्यामुळे ते चांगलं असणारच, यावर सगळ्यांचं एकमत. सुट्टीत ते दालनभर अंथरून झालं आणि कोठाराचा मुख्य पान्तेलेई कुझ्मिच कमरेवर हात ठेवून तिच्यासमोर उभा राहिला.

"झाखारोव्हना, ह्याला पाणी लागत नाही बरं का. झारी आता जिरेनियमच्या कुंड्यांना. सोमवारपासून तू खाली, कोट टांगायला."

"खाली? दाराच्या वाऱ्यात?"

"तिथे रेडिएटर आहे की."

"आहे. गरम झालेला कुणी पाहिलाय?"

"पगार तोच राहील गं."

"पगाराचं कोण बोलतंय, कुझ्मिच?"

झारीतला शुक्राचार्य आपण आजवर फक्त ऐकला होता. तिच्यासमोर तो मिशा पिळत उभा होता. बत्तीस वर्षं, रोज पाणी शिंपडून झालं की पियानोमागच्या स्टुलावर बसून ती धडा पाहायची. पोरी दहाव्या वर्षी रडत येत आणि अठराव्या वर्षी हवेत तरंगत बाहेर पडत. मधलं सगळं तिने त्या स्टुलावरून पाहिलं होतं. कोटांच्या खोलीतून काय दिसणार? कोट. आणि कोट टांगणारीला घराणं कोण विचारतो?

शुक्रवारी, म्हणजे सुट्टीनंतरच्या पहिल्या आणि तिच्या झारीच्या शेवटच्या दिवशी, मॉस्कोहून तपासणी समिती आली. पाच खुर्च्या आरशाला पाठ करून, उताराच्या तळाशी मांडल्या होत्या. मधल्या खुर्चीत अध्यक्ष, नवे कोरे बूट घालून. पोरी भिंतीलगतच्या दांड्याला धरून उभ्या. पियानोवाला बोटं चोळतोय. रोग्नेदाबाई आत आल्या, दोन पावलं टाकली आणि थबकल्या.

"पाणी कुठाय?"

दारातून कुझ्मिच दोन्ही हातांनी नको नको करत होता. बाईंनी चाळीस वर्षांत दाराकडे पाहून काही ठरवलेलं नव्हतं.

"बाई, हे लिनोलियम आहे," फेव्रोन्या खालच्या आवाजात म्हणाली. "लाकूड पाणी पितं, हे पीत नाही. कोरडंच असू द्या."

"तू मला शिकवणार? पाण्याशिवाय इथे धडा सुरू झालेला नाही! माझ्या बाईंच्या बाईंना खुद्द..."

"आणते," फेव्रोन्या म्हणाली.

एकदाच सांगायचं होतं, ते सांगून झालं होतं. दालनाला अर्धी झारी पुरते हे तिच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं. तिने नळाखाली झारी काठोकाठ भरली.

"पोरींनो, दांडा सोडायचा नाही. मधे पाऊल टाकायचं नाही," जाता जाता ती पुटपुटली.

"का हो, फेव्रोन्यामावशी?"

"मावशी सांगते म्हणून."

तिने दालनाच्या मधोमध आठाचे आकडे काढले, सावकाश, शेवटच्या थेंबापर्यंत. पाण्याने क्षणभर विचार केला आणि ते उताराने मॉस्कोकडे निघालं. अध्यक्षांनी दोन्ही पाय उचलले. पियानोवाल्याने सवयीने वाल्ट्झ सुरू केला. कुझ्मिच फडकं घेऊन धावला, तिसऱ्या पावलाला खाली बसला, आणि बसल्या बसल्या अख्खं दालन पार करून अध्यक्षांच्या गुडघ्यांशी जाऊन थांबला. पाठ मात्र शेवटपर्यंत ताठ होती, हे रोग्नेदाबाईंनीही नंतर मान्य केलं.

आता चूक कुणाची? फेव्रोन्याने हुकूम पाळलेला, तो समितीने कानांनी ऐकलेला. बाईंची म्हणावी, तर बाईंच्या बाईंची होते, मग त्यांच्याही बाईंची, आणि शेवटी ती भिंतीवरच्या फ्रेंच उस्तादांपर्यंत पोहोचते. तसबिरीला दोष देण्याची हिंमत मॉस्कोतही कुणात नव्हती. उरली जमीन. तिला घराणंच नव्हतं, तिच्या बाजूने कोण बोलणार? अहवालात लिहिलं गेलं: "सदर लिनोलियम शाळेच्या परंपरेशी सुसंगत नाही." सोमवारी ते उचलून खाणावळीत नेऊन टाकलं. आचाऱ्याने त्याच दिवशी सुपाचं पातेलं घेऊन त्याचा अनुभव घेतला.

मंगळवारी फेव्रोन्या फळ्यांवर अर्धी झारी शिंपडत होती, तेव्हा कुझ्मिच उशी बगलेत मारून आला. बसायला त्याला पुढे आठवडाभर उशी लागली. त्याने मान वाकवून झारीत डोकावलं.

"झाखारोव्हना, आज पाणी अर्धंच?"

"अर्धंच."

"आणि शुक्रवारी?"

फेव्रोन्याने शेवटचा आठ पूर्ण केला, झारी स्टुलाखाली ठेवली आणि वर बसली.

"घराण्यातली चीज आहे ती, कुझ्मिच. बाहेरच्याला शिकवत नसतात."