निर्णय तुमचा, पण डॉक्टर, तुम्हीच सांगा

सदाशिव पेठेत बायकांची डॉक्टर म्हणून इतकी वर्षं बसल्यावर किस्से साठत जातात, कपाटातल्या औषधांच्या सँपलसारखे. टाकवत नाहीत आणि कोणाला देताही येत नाहीत. मूल हवं की नको, या एका प्रश्नाचेच किती असतील.

शनिवार पेठेतल्या एक सासूबाई एकट्याच आल्या. सुनेला तपासा म्हणाल्या. तिला पाठवा म्हटलं, तर ती येणार नाही, तिला मूलच नकोय म्हणे. मग मी काय तपासू? बाईंकडे तोडगा तयार होता.

"मग काहीतरी दोष आहे असं लिहून तरी द्या. लोकांना सांगायला बरं पडतं."

हडपसरच्या आयटीतलं एक जोडपं आलं. तो लॅपटॉपच उघडून बसला. वाढता उन्हाळा, पाणी, हवा. अशा जगात मूल आणणं हा अन्याय आहे, हे त्याने स्लाइड दाखवून समजावलं. ती शांतपणे म्हणाली, "याचं सगळं बरोबर आहे. मला तरीही हवंय." मग दोघं माझ्याकडे अंपायरसारखे बघत बसले.

दीड-दोन वर्षांनी परत आले. तिला तिसरा महिना होता. त्याचा पहिला प्रश्न, एअर प्युरिफायर कोणता घेऊ?

एका शिक्षिकेला दुसरं मूल नको होतं. पहिल्याला एकटं वाटेल, असं घरचे सारखे ऐकवत होते. ती मला म्हणाली, "एकटं तर मलाही वाटतं मॅडम. माझ्या सोबतीला कोणी कोणाला आणत नाही."

"तुम्हाला किती?" हे मलाही विचारतात. मला मूल नाही. "मग तुम्हाला काय कळणार," असं एक आजी तोंडावर म्हणाल्या. त्याच आजी पुढच्या महिन्यात धाकट्या नातीला घेऊन आल्या. का, तर मी निवांत ऐकून घेते.

आणि मृणाल. तिच्या धाकट्या भावाचे, ओंकारचे, स्नायू लहानपणापासून हळूहळू निकामी होत गेलेले. आईकडून आलेला आजार. मृणालच्या मुलालाही होण्याची शक्यता होती. म्हणून ती आणि नवरा सल्ल्याला आले. ओंकारने येण्याचा हट्टच धरला होता. माझा दवाखाना पहिल्या मजल्यावर, लिफ्ट नाही. मृणालच्या नवऱ्याने त्याला उचलून वर आणलं.

गर्भाची तपासणी करता येते, आजार निघाला तर पुढचं ठरवता येतं, हे मी सांगू लागले. बोलत होते मृणालकडे बघून, ओंकारकडे नाही. मृणाल खाली बघत होती.

ओंकारने विचारलं, "आईच्या वेळी ही टेस्ट होती?"

आपल्याकडे सहज होत नव्हती, मी म्हटलं.

तो बहिणीकडे वळला. म्हणाला, "ताई, तू टेस्ट कर. काय ठरवायचं ते ठरव, मला राग येणार नाही. फक्त तेव्हा टेस्ट असती तर काय केलं असतंस, हे आईला कधी विचारू नकोस. मी पण विचारलेलं नाही."