मामाचं फेसाचं

आमच्या मामाच्या घरी त्याला धड नावच नव्हतं. वाइन म्हणावं तर माळ घातलेले पाहुणे दारातनंच परत फिरायचे, सरबत म्हणावं तर खोटं बोलल्यासारखं व्हायचं. म्हणून सगळे म्हणायचे, फेसाचं. "आज फेसाचं हाय का?" एवढं कुणी विचारलं की समजायचं, घरात कुणाचं तरी काहीतरी चांगलं झालंय.

मामाचा टेम्पो होता. गाव काष्टीजवळ, आजूबाजूला लिंबाच्या बागा. वर्षभर लिंबाची पोती वाहायची आणि द्राक्षाच्या दिवसांत नाशिककडं वाइनच्या कारखान्यात क्रेट पोचवायचे. तिथंच कुणीतरी त्याला पहिली बाटली दिली. जाड काचेची, बुडबुड्यांची, बुचाला तार गुंडाळलेली. ताई दहावी पास झाली तेव्हा त्यानं ती उघडली. ताई म्हणजे मामाची पोरगी, माझ्याहून थोडी मोठी, आणि मला लहानपणापासून येड्या म्हणणारी.

त्या दिवशी मामानं पातेल्यात डाळिंबाचे दाणे टाकले, पेरूच्या फोडी टाकल्या, वरनं अख्खी बाटली ओतली. आणि आमच्या घरात जे जे पातळ असतं ते घुसळायचंच असतं, म्हणून ताकाची रवी घालून दोन्ही हातांनी घुसळायला लागला. फेस असा उसळला की पातेलं दिसेना. मामी चुलीकडनं पळत आली आणि दूध उतू चाललं की करतात तसा तिनं वरनं गार पाण्याचा हबका मारला. फेस बसला. मामाचं तोंडपण बसलं. आम्ही ते पाणचट पीत लई हसलो.

पुढं मामा शिकला. फळं आधी कापायची, थोडी साखर आणि लिंबू लावून झाकून ठेवायची. "फळाला घाम फुटू दे," म्हणायचा. बाटली बर्फात, बर्फावर जाडं मीठ, वर ओलं गोणपाट. मग ग्लासात चमचाभर फळ, आणि बाटली तिरकी धरून कडेकडेनं हळू ओतायचं. रवी लांब. पोरांना त्याच फळांवर लिंबू-सोडा, मोठ्यांना अर्धा ग्लास. मामी प्यायची नाही. ती फक्त तळाशी राहिलेली भिजकी फळं चमच्यानं खायची, वाटी वाटी खायची, आणि गाल लाल करून म्हणायची, "मी कुठं पिते?"

त्यातली सगळ्यात भारी गोष्ट म्हणजे डाळिंबाचा दाणा. तो आधी तळाला जातो. मग त्याला बुडबुडे चिकटतात आणि तो हळूहळू वर येतो. वर आला की बुडबुडे फुटतात, परत खाली. परत वर. आम्ही पोरं कुणाचा दाणा आधी वर येतो म्हणून भांडायचो. आता मला ते बघवत नाही. खाली गेलेलं असं सारखं वर येत राहतं.

मी नकला करतो. शाळेत मुख्याध्यापकांच्या आवाजात "उद्या सुट्टी" म्हणलं होतं, निम्मी शाळा दप्तर घेऊन फाटकापर्यंत गेल्ती. बाजारातला शेळ्यांचा दलाल करतो, स्टँडवरची 'प्रवाशांनी कृपया' करतो, कुकर करतो, वाफ जातानाचा सुद्धा. पण माझी खरी नक्कल मामाची. घोगरा आवाज, आधी घशात एक "ह्हं", मग शब्द, आणि शेवटी वाक्य जमिनीवर पोतं टाकल्यासारखं टाकायचं. मामा स्वतःच फर्माईश करायचा. म्हणायचा, "भाचेबुवा, मी गेल्यावर तुमीच बोला. मला सुट्टी."

मागच्या उन्हाळ्यात मामा टेम्पो धुता धुता खाली बसला, तो उठलाच नाही. पाइप चालूच होता.

तेरावं झालं आणि पाहुणे पांगले. घरात मामी, ताई, माझी आई आणि मी. कुणी बोलेना. मला शांतता सोसत नाही, हा माझा जुना आजार. मी आईला हसवायला म्हणून त्या दलालाचा आवाज काढायला गेलो, आणि तोंडातनं भलतंच आलं. "ह्हं. अगं, पाणी आण गं जरा."

आतनं मामी म्हणली, "आले, आले."

आणि आली. तांब्या घेऊन आली. दारात येऊन थांबली. मामा बसायचा त्याच जागी, भिंतीला टेकून मी बसलो होतो. आईनं तोंडावर पदर घेतला. मामीनं माझ्याकडं बघितलं, तांब्या माझ्या हातात दिला आणि परत आत गेली. मी ते पाणी प्यायलो. काय करणार होतो?

दुसऱ्या दिवशी मी नि आई आमच्या घरी परतलो, आणि संध्याकाळी मामीचा फोन आला. आधी इकडचं तिकडचं. मग हळूच, "अरे, तसं एकदा बोल की."

"कसं, मामी?"

"तसंच. ते म्हणायचे तसं."

मी म्हणलं, एकदा बोललो तर काय बिघडतंय? "ह्हं. काय गं, चहा टाकला का?" तिकडनं ती म्हणली, "टाकते," आणि फोन ठेवला. मग रोज. बाजाराला गेलेलो असलो तरी टपरीच्या मागं जाऊन चहा टाकायला सांगायचो. मित्र म्हणायचे, कुणाला फोन करतोस रे एवढा चोरून? मी म्हणायचो, बायकोला. सगळे हसायचे. आणि मग माझ्याच लक्षात आलं की हे काय हसायचं नव्हतं.

अशात ताईला नोकरी लागली. नर्सिंग झालं होतं, आता पुण्याला दवाखान्यात कायमची. मामीनं फर्मान काढलं, रविवारी फेसाचं करायचं. बाटली घरातच होती. मामानं आधीच आणून ठेवलेली, कपाटात ताडपत्रीच्या घडीमागं. मामी फोनवर म्हणली, "तू ये. समदं ह्यांच्यासारखं कर. आन् ग्लास पोरीच्या हातात देताना ह्यांच्यासारखंच बोल. तिला बापानं कायतरी बोलल्यासारखं हुईल."

मी हो म्हणलं. मामीला नाही म्हणायची मला सवय नाही.

रविवारी आईला घेऊन गेलो, दुपारी मी नि ताई स्वयंपाकघरात फळं कापत बसलो. पेरू पिकून मऊ झाले होते, सुरी लावली की दबायचे. मी पेरूवाल्याची नक्कल करत होतो. ताई हसली नाही. डाळिंब सोलता सोलता खालीच बघत म्हणली, "येड्या, आज पप्पांच्या आवाजात बोलायचं न्हाई."

"मामीनं सांगितलंय."

"मम्मीचं मला म्हाईत हाय. रोज फोन करते तुला, तेबी म्हाईत हाय." तिचे हात लाल झालेले. "मला त्यांचा आवाज आठवायला बसले की तुझं तोंड दिसतंय. आधी पप्पा दिसायचे. तू अजून एकदा बोललास ना, तर जे काय उरलंय तेबी तुझंच हुईल. माझ्याकडं दुसरा बाप न्हाई."

मी सुरी खाली ठेवली. मला एकदम वाटलं, आपण खरा मामा आठवून बघू. डोळे मिटले. "ह्हं" ऐकू आलं. ते माझं होतं. त्याच्यामागं कुणीच नव्हतं.

"काय बघतोयस?"

"काय न्हाई. साखर दे."

फळांना घाम फुटला. बाटली गोणपाटाखालनं काढली, तार सोडली, बूच उडून पत्र्याला लागलं. आई दचकली, मामी मात्र हसली. कितीतरी दिवसांनी हसली. चौघं चार पाटांवर बसलो. मी ग्लास तिरका धरून कडेनं ओतलं. फेस वर आला, बसला. दाणे तळाला गेले. मग त्यातला एक हलला आणि वर यायला निघाला.

मामी पुढं सरकली. "हां. आता बोल."

मी ताईकडं बघितलं. तिनं ग्लास घ्यायला हात पुढं केलाच नाही. मामी म्हणली, "अरे बोल की, फेस जातोय."

मी तोंड उघडलं. आवाज तिथं आलाच होता, घशापाशी येऊन उभा होता. मी दात घट्ट मिटले. "मामी, मला न्हाई येत."

"न्हाई येत काय? कालच तर—"

"न्हाई येत."

मामीचा चेहरा असा पडला की मला वाटलं, बोलून टाकावं, जाऊ दे. तेवढ्यात ताईनं मोबाईल काढला. म्हणली, "पप्पांनी मला बोलून पाठवलेलं. ते गेल्यापासनं मी उघडलं न्हाई." आणि मोबाईल मधे जमिनीवर ठेवून लावलं.

इंजिनाचा आवाज. मग, "अगं, मी बोलतोय. बाटली घेतली बघ. तुझी नोकरी लागली की उघडू. तुझ्या आईला आत्ताच सांगू नको, लगीच फळांवर साखर चढवून ठेवंल. आन् पेरू करकरीत पायजेत हां, मऊ नको, चिखल हुतो."

तो आवाज बारीक होता. घाईघाईचा, शेवटाला वर चढणारा. घोगरा नव्हता. त्यात "ह्हं" कुठंच नव्हतं. इतकी वर्षं मी ज्याला मामा म्हणत होतो, तो मामा नव्हता.

मामीनं विचारलं, "हे कोण बोलतंय?"

"पप्पा," ताई म्हणली.

"चल! ह्यांचा आवाज असा नव्हता." आणि तिनं माझ्याकडं बोट केलं. "असा हुता."

माझी आई, जिचा तो सख्खा भाऊ, ग्लासाकडं बघत राहिली. ताईनं परत लावलं. मामी कान देऊन ऐकत होती, एखाद्या परक्या माणसाचा निरोप ऐकावा तशी. साखरेचं आलं आणि ती फणकारली, "मी कवा चढवली साखर? ह्यांनाच कमी पडायची, आन् नाव माझं—"

तिथं थांबली. तोंड तसंच उघडं. तिनं मोबाईल उचलून दोन्ही हातांत धरला आणि म्हणली, "परत लाव."

परत लावलं. परत. आमच्या ग्लासांतला फेस कधीच गेला होता, दाणे एकेक करून तळाला बसले. ताईनं एक घोट घेतला, तोंड वाकडं केलं नाही. मऊ पेरूचा खरंच चिखल झाला होता. मामी मला म्हणली, "तू आता बोलू नको हां तसं. मला गडबडायला हुतंय."

त्यानंतर संध्याकाळचे फोन बंद झाले. ताईनं तो आवाज मामीच्या मोबाईलवर पाठवून दिला. ती तोच लावून बसते, आई सांगते. पाठ करतेय म्हणे, पोरं कविता करतात तसं. मी मामाची नक्कल सोडली, पण तो मला सोडत नाही. गर्दीत कुणाला मोठ्यानं हाक मारायला गेलो की आधी घशात "ह्हं" येतं, आणि मी तोंड मिटून घेतो. हा माणूस कोण आहे, मला माहीत नाही. मामा तर नाही.

मागच्या आठवड्यात मामीचा फोन आला. म्हणली, "अरे, तुझा कान चांगला हाय. ते चिखल हुतो म्हणतात ना, त्याच्यानंतर कायतरी हाय. मला समजंना. ऐकून सांग."

ती घरातल्या दुसऱ्या मोबाईलवरनं बोलत होती; आवाज लावून तिनं तिचा मोबाईल त्याला टेकवला. मी ऐकलं. मामाला बोलणं झाल्यावर बटण सोडायचं ध्यानात राहिलं नव्हतं. इंजिन चालू होतं, आणि जवळ कुणीतरी श्वास घेत होतं.

"काय म्हणतात रे?"

"काय न्हाई मामी. नुसते हायेत."

ती म्हणली, "बरं," आणि मला वाटलं तिनं फोन ठेवला. ठेवला नव्हता. तिकडं तेवढाच तुकडा परत सुरू झाला, आणि मी कानाला लावून उभा राहिलो.