देव पडद्यावर असेपर्यंत

आमच्या तळोद्यात मोतीलालभाईंची पेटी सगळ्यांनी ऐकलेली, पण ते नेमकं काय करत हे थोड्यांनाच ठाऊक. बाजाराच्या मैदानात सिनेमावाल्या शेठचा तंबू लागे, त्यात मुकी चित्रं दाखवत. कुठल्या प्रसंगाला कुठली चाल, हे मोतीभाई ठरवायचे. दुपारी रिकाम्या तंबूत चित्र एकदा बघून घ्यायचं, की झालं. ताटातुटीला कोरीट गावच्या बायकांचं जात्यावरचं गाणं, लढाईला काठी गावच्या होळीतला ढोलाचा ठेका. ढोलकीवर डोंगरातला चैत्या असे. तो पडद्याकडे बघत नसे, पेटीकडे कान लावून वाजवी.

मग मोतीभाईंचे डोळे गेले. आधी ताटातलं मीठ दिसेना, मग दारातला माणूस. पेटीवाचून दुसरं काही येत नव्हतं, त्यावरच घर चालायचं. म्हणून त्यांनी चैत्यालासुद्धा कळू दिलं नाही. फक्त बायकोला, जसोदाबेनला, शेजारी बसवू लागले. लोकांना वाटे, वारा घालते. पंख्याआडून ती सांगत असे, राणी रडतेय, घोडा आला. मी शेजारीण, म्हणून तिने हे माझ्याजवळ बोलून मन हलकं केलं होतं, आणि मी रोज देवघरातल्या ठाकूरजींना मोतीभाईंच्या नावाचं एक फूल वाहत होते.

कार्तिकात कृष्णाचं चित्र आलं. रीळ उशिरा पोचलं, दुपारी जसोदाबेनने आधी बघून सांगणं झालंच नाही. रात्री पडद्यावर देव उभा राहिला तशी पुरुषांनी जोडे काढले, आम्ही बायकांनी पदर घेऊन माथा टेकला. देव आला एवढं सांगून जसोदाबेनने पंखा खाली ठेवला, हात जोडले, डोळे मिटले. मोतीभाईंनी आरतीची चाल धरली ती धरलीच. देव केव्हाच गेला होता. राक्षस गाईंमागे धावत होता आणि पेटी आरती म्हणत होती. लोकांनी शिट्या मारल्या. चैत्याने मान वर करून पाहिलं आणि हात थांबवले. मोतीभाईंना वाटलं लोक रंगलेत, त्यांनी भाता आणखी जोराने ओढला.

शेठ म्हणाला, "राक्षसाची आरती केलीत मोतीभाई. सुरतेहून दुसरा बोलावतो." मोतीभाईंनी हातापाया पडून आणखी एक खेळ मागून घेतला.

सकाळी दोघं माझ्या ओट्यावर बसली होती. देव आला तरी डोळे उघडे ठेव, एवढंच ते तिला सांगत होते.

"देव समोर उना तं डोया आपोआप मिटाई जातस. मी काय करू?"

"मन्हा तं मिटेलच शेतस," मोतीभाई म्हणाले. "तुन्हा तरी उघडा ऱ्हाऊ दे."

त्या खेळाला मी माथा टेकला नाही. तिच्याकडेच बघत राहिले. देव आला. तिने पंखा दोन्ही हातांनी घट्ट धरला, हात जोडले जाऊ नयेत म्हणून. गालावरून पाणी वाहत होतं, पण डोळे पडद्यावरून हलले नाहीत. एरवी गलक्यात तिचं बोलणं बुडून जाई. पण देव आला की तंबू चिडीचूप होतो, हे आमच्या कुणाच्या ध्यानात आलं नव्हतं. मोतीभाईंनी पेटी हलक्या सुरात धरली होती, आणि तिचा आवाज मागच्या रांगेपर्यंत गेला.

"देव उना. उभा शे. हात वर करस."

माणसांनी माना वर केल्या.

"देव गया. राक्षस उना."

पेटीची चाल तिथल्या तिथे फिरली. सूर एकही चुकला नाही. खांबाला टेकलेला शेठ सगळं ऐकत होता. खेळ संपल्यावर तो रागावला नाही. पेटी त्याचीच होती. मोतीभाईंच्या पुढ्यातून ती उचलून घेत एवढंच म्हणाला की आंधळ्याला चित्रापुढे कसं बसवू, भाई.

सुरतेचा माणूस आला. मोतीभाई दिवसभर ओट्यावर असतात, बोटं मांडीवर चालू असतात. संध्याकाळी जसोदाबेन त्यांना हाताला धरून राममंदिरात आणते. आरतीला आम्ही सगळ्या डोळे मिटतो, ती मिटत नाही. एकदा मी विचारलं.

"मिटी लिधात तं यास्नं काहीतरी चुकी जाई, आसं वाटस," ती म्हणाली.

त्यांच्या हातात आता चुकण्यासारखं काही राहिलेलं नाही, हे तिला सांगायला माझी जीभ रेटली नाही.