खिळ्याचा आवाज

बस स्थानकावर त्याला सगळे मामा म्हणत. घरी बहिणीची मुलगी मामा म्हणायची ते ठीकच होतं, पण स्थानकावरच्या नावामागे वेगळं कारण होतं. "गाडी थोड्याच वेळात फलाटावर येत आहे," हे तो माइकवरून इतक्या भरवशाने सांगायचा, की पुढे तासभर गाडी आली नाही तरी लोक जागचे हलत नसत. "अख्ख्या गावाला मामा बनवतो हा माणूस," असं वाहतूक नियंत्रक एकदा म्हणाला आणि नाव चिकटलं ते चिकटलंच.

फलाटांच्या वर, लोखंडी जिना चढून गेलं की त्याची काचेची खोली. आत एक टेबल, बटणाचा माइक, चिठ्ठ्या अडकवायला तारेचा आकडा आणि डोक्यावर पंखा. खालून नियंत्रकाची चिठ्ठी आली की आधी पंखा बंद करायचा, नाहीतर त्याची घरघर सगळ्या फलाटांवर ऐकू जायची. मग बटण दाबायचं, बोलायचं, बटण सोडायचं, पंखा लावायचा. सव्वीस वर्षं हेच चाललं होतं. लग्नाचं जमलं नाही, म्हणजे त्याने जमवलं नाही. थोरली बहीण लेकीला घेऊन माहेरी परतली होती, तेव्हापासून तिघांचं घर होतं.

या माणसाच्या आयुष्यात फक्त अकरा दिवस वेगळे होते.

त्या दिवसांना अठरा वर्षं झाली. एक रेकॉर्डिस्ट आपल्या गाडीची वाट पाहत खाली ताटकळत बसला होता. शेवटी मामाने सांगितलं, "ही गाडी आज येणार नाही." बस्स, एवढंच. ना दिलगिरी, ना कारण. रेकॉर्डिस्ट तावातावाने जिना चढून वर आला. मामाला वाटलं, आता भांडण होणार. पण तो म्हणाला, "इतक्या थंडपणे गाडी रद्द करणारा माणूस खूनसुद्धा सहज पाडेल. आमच्याकडे एक काम आहे. कराल का?"

काम होतं एका व्हिडिओ गेमचं. नाव 'सात गल्ल्या'. एका शहरात सात गल्ल्या, सात टोळ्या आणि रोजची मारामारी. गेम परदेशातल्या कुठल्याशा लहान कंपनीचा. त्याला आपल्या भाषेतले आवाज द्यायचे होते. मामाच्या वाट्याला आला खिळा, टोळीच्या म्होरक्याचा उजवा हात. आणि म्होरक्या होती एक बाई. तिचं नाव काजळी.

काजळीला आवाज देणारी बाई एका वाचनालयात अंधांसाठी पुस्तकं वाचून ध्वनिमुद्रित करायची. दिसायला अगदी साधी, केसांचा घट्ट बुचडा, कागद धरायची तो छातीशी. पण माइकसमोर उभी राहून "गल्ली माझी आहे, श्वास तुझा असेल तर सांभाळ," असं म्हणाली, तेव्हा मामाच्या अंगावर सर्रकन काटा आला.

रेकॉर्डिंगची खोली कापडाच्या दुकानावर होती. आवाज घुमू नये म्हणून भिंतींवर जुन्या रजया ठोकलेल्या. चौथ्या दिवशी दोनपैकी एक माइक बिघडला आणि तिथून पुढे दोघंही एकाच माइकसमोर, खांद्याला खांदा लागेल इतके जवळ उभे राहिले. बाहेर दोघंही एकमेकांना अहो-जाहो करत. "तुमचं पान संपलं का?" "तुम्ही घ्या आधी." पण रेकॉर्डिंगचा दिवा लाल झाला की खिळा काजळीला 'तू' म्हणायचा आणि काजळी खिळ्याला. मामाला त्या दिव्याची चटक लागली. आयुष्यात घरच्या बायका सोडून दुसऱ्या कुठल्या बाईला त्याने अरे-तुरे केलं नव्हतं.

शेवटचा प्रसंग पुलावरचा. मागून दुसरी टोळी येतेय, काजळी जखमी आहे. खिळा तिला पुढे ढकलतो, स्वतः पुलावर थांबतो आणि म्हणतो, "तू जा. मी आलोच." तिथेच गेम संपतो. हे वाक्य नऊ वेळा रेकॉर्ड झालं. नवव्या वेळी तिने हातातल्या कागदाकडे पाहिलं नाही, त्याच्याकडे पाहिलं.

अकराव्या दिवशी काम संपलं. दोघं जिना उतरून रस्त्यावर आले. मामाला एक विचारायचं होतं. पण तोंडातून भलतंच बाहेर पडलं: "तुमची पाच वीसची गाडी आज वेळेवर आहे."

ती जरा थांबली. "बरं झालं सांगितलंत," म्हणाली आणि गेली.

गेमला आधी कोणी विचारलं नाही. मग दोनेक वर्षांत कॉलेजच्या वसतिगृहांतून त्याचं असं काही वेड पसरलं की विचारू नका. पोरं एकमेकांचा निरोप घेताना "तू जा, मी आलोच" म्हणू लागली. मामाच्या भाचीला हा गेम शाळेत असताना मैत्रिणीकडून कळला आणि खिळ्याचा आवाज आपल्या मामाचा आहे हे समजल्यावर तिने घर डोक्यावर घेतलं. स्थानकावर कधीमधी पोरं जिना चढून वर यायची. "काका, एकदाच म्हणा ना!" मामा पंखा बंद करायचा, माइकचं बटण न दाबता म्हणायचा, आणि पोरं खूश होऊन जायची. जाता जाता हटकून विचारायची, "खिळा मेला का हो?"

"दुसऱ्या भागात कळेल," मामा सांगायचा.

पण दुसरा भाग येता येईना. कंपनी बुडाली. मग कोणीतरी ती विकत घेतली. मग येणार, येणार म्हणून बातमी आली आणि विरून गेली. भाची मोठी झाली, नोकरीला लागली, तरी अधूनमधून जेवताना सांगायची, "मामा, पुढच्या वर्षी नक्की म्हणतायत."

"तुमच्या त्या गुंडांचं घोडं कुठे पेंड खातंय कोण जाणे," बहीण म्हणायची आणि भात वाढायची.

मामा भात कालवू लागायचा. खिळा मेला की वाचला, याच्याशी त्याला फारसं कर्तव्य नव्हतं. दुसरा भाग म्हणजे त्याच्या लेखी ती खोली, रजयांच्या भिंती, एक माइक आणि लाल दिवा. त्या बाईचं पुढे लग्न झालं, ती दुसऱ्या शहरात गेली, एवढं त्याच्या कानावर आलं होतं. त्याला तिच्याकडून काही मागायचं नव्हतं. पुन्हा एकदा शेजारी उभं राहायचं होतं, इतकंच.

अठराव्या वर्षी फोन आला. तोच रेकॉर्डिस्ट. "खिळा जिवंत आहे," तो म्हणाला. "तुमचा आवाज आहे ना शाबूत?"

आवाज शाबूत नव्हता. इतक्या वर्षांच्या धुराने आणि धुळीने घसा खरवडून निघाला होता. बहिणीने त्याला आठ दिवस मिठाच्या पाण्याच्या गुळण्या करायला लावल्या. त्याने नवा शर्ट शिवून घेतला. "आवाजाच्या कामाला शर्ट कशाला?" भाचीने विचारलं. बहिणीने लेकीकडे डोळे वटारून पाहिलं.

नवा स्टुडिओ चकचकीत होता. मामा ठरल्या वेळेच्या पाऊण तास आधी पोचला. दाराचा आवाज झाला की मान वळवायची, पुन्हा समोर बघायचं. रेकॉर्डिस्ट आला, त्याचे केस पिकले होते आणि एका कानात श्रवणयंत्र होतं. "आमच्या धंद्यात याहून मोठा विनोद नाही," तो कानाला हात लावत म्हणाला.

मामाने जमेल तितक्या सहज विचारलं, "त्या... काजळी कधी येणार?"

"त्यांचं झालं की! गेल्या आठवड्यात, त्यांच्याच शहरात. आता कोणी एकत्र नाही करत. ज्याचं त्याने करायचं, मशीनवर जोडतात." मग मामाचा चेहरा पाहून तो हळूच म्हणाला, "त्यांनीही मला हेच विचारलं होतं. 'ते येणार आहेत का?' म्हणून."

आत एकट्यासाठी एक काचेची खोली होती. मामाला वाटलं, जिना चढून आपण पुन्हा आपल्याच खोलीत आलो. काचेपलीकडे दिग्दर्शिका होती. वय तिशीच्या आत. तिने प्रसंग समजावला. खिळा नदीपलीकडे एका गोदामावर पहारेकरी आहे. म्हातारा होत चाललाय. एक दिवस काजळी समोर येऊन उभी राहते.

"आधी त्यांचं वाक्य ऐकवते," ती म्हणाली.

मामाने हेडफोन लावला. आधी श्वास ऐकू आला. मग ती बोलली:

"आलोच म्हणाला होतास."

आवाज खाली उतरला होता, कडांना जरा झिजला होता. पण तिचाच. थेट कानात. एका माइकसमोर उभं असतानाही इतक्या जवळून त्याने तो ऐकला नव्हता.

"मामा, तुमचं वाक्य," दिग्दर्शिकेचा आवाज आला.

"पुन्हा एकदा लावता का? ठेका नीट कळला नाही."

तिने पुन्हा लावलं. मग आणखी एकदा. चौथ्या खेपेला रेकॉर्डिस्टने खाली मान घालून कुठलंसं बटण उगीचच पुसायला घेतलं.

मामाचं वाक्य दोनच शब्दांचं होतं. तो म्हणाला, "निघालो होतो."

"घसा असाच राहू द्या," दिग्दर्शिका म्हणाली. "परत घ्यायला नको."

मामा तरी म्हणाला, "घेऊ या ना अजून एकदा." आणखी पाच वेळा घेतलं. दर वेळी आधी तिचं वाक्य लागायचं.

निघताना त्याने रेकॉर्डिस्टला आपला फोन नंबर कागदावर लिहून दिला. कोणासाठी, ते त्याने सांगितलं नाही आणि रेकॉर्डिस्टनेही विचारलं नाही.

सात महिन्यांनी गेम आला. भाचीने रजा टाकली. दोन दिवस ती पडद्यासमोरून उठली नाही. मामा शेजारी खुर्ची टाकून बसला होता. काजळीने किती गल्ल्या जिंकल्या आणि किती गमावल्या, याचा त्याला पत्ता नव्हता. दुसऱ्या दिवशी दुपारी गोदाम आलं. पिकल्या केसांची काजळी चालत आली, वाकलेला खिळा स्टुलावरून उठला. दोन शहरांतले दोन आवाज एकाच फाटकाशी समोरासमोर आले.

"आलोच म्हणाला होतास."

"निघालो होतो."

भाचीच्या डोळ्यांत पाणी आलं. स्वयंपाकघराच्या दारात बहीण कधी येऊन उभी राहिली होती, कळलंही नाही. "एवढंच?" ती म्हणाली. "अठरा वर्षं थांबवून एवढंच बोलले?" पण तिचाही आवाज कापला.

त्यानंतरच्या रविवारी फोन वाजला. अनोळखी नंबर होता.

"ओळखलंत का?"

मामा ताडकन उठून उभा राहिला. "हो."

"मुलींनी दाखवला मला तो प्रसंग. दोन मुली आहेत मला. छान बोललात तुम्ही."

"तुम्हीही." तुम्ही ते तुम्हीच राहिलं होतं. "अजून वाचता पुस्तकं?"

"वाचते. आता कॉम्प्युटरवर करतात सगळं."

बोलणं संपेल या भीतीने मामाने घाईघाईने विचारलं, "तो एकच माइक आठवतो तुम्हाला?"

"एकच? दोन होते ना?"

मामाने अठरा वर्षं जपलेली गोष्ट तिच्याकडे नव्हतीच.

"मला तुमचा थर्मास आठवतो," ती म्हणाली. "माझा घसा बसला होता. कोणाच्या लक्षातही आलं नव्हतं. तुम्ही रोज गरम पाणी आणून टेबलावर ठेवायचात, काही न बोलता. शेवटच्या दिवशी तो माझ्याच पिशवीत राहिला."

मामाला थर्मास आठवेना. "असेल," तो म्हणाला.

"परत द्यायला मी आले होते. दोनदा. तुमच्या स्थानकावर."

"कधी?"

"त्याच महिन्यात. पाण्याच्या टाकीजवळच्या बाकावर बसले होते. वरून तुमचा आवाज येत होता, पण वर जायचा रस्ता दिसेना."

"कोणाला तरी विचारायचंत. जिना मागच्या बाजूला आहे."

"विचारलं असतं, पण 'कोण तुम्ही?' म्हणाले असते तर काय सांगणार होते?" ती किंचित हसली. "दोन्ही वेळा तासभर ऐकत बसले आणि परत गेले."

पलीकडून कोणीतरी 'आई' म्हणून हाक मारली. "ठेवते आता," ती म्हणाली.

"ठेवा," मामा म्हणाला. तरी फोन त्याने बराच वेळ कानालाच धरून ठेवला होता.

संध्याकाळी त्याने बहिणीला विचारलं, "आपल्याकडे कधी थर्मास होता का गं?"

"होता की. लाल झाकणाचा. कुठे हरवलास ते शेवटपर्यंत सांगितलं नाहीस."

दुसऱ्या दिवशी खोलीत गेल्यावर त्याने काचेला नाक लावून खाली पाहिलं. सगळे फलाट दिसत होते. फक्त टाकीजवळचा बाक पत्र्याच्या छपराखाली जात होता. सव्वीस वर्षांत तो या जागेवरून एकदाही दिसला नव्हता. जेवणाच्या सुट्टीत, बदलीचा माणूस आल्यावर, मामा जिना उतरला आणि त्या बाकावर जाऊन बसला. डोक्यावर कर्णा होता. बदलीच्या माणसाने बटण दाबल्याचा खटका ऐकू आला, मग त्याचा आवाज. शब्द न् शब्द स्पष्ट येत होता. इथे इतकं नीट ऐकू येतं, हे मामाला ठाऊक नव्हतं. शेजारी पिशवी मांडीवर घेऊन एक बाई बसली होती. तिला जागा व्हावी म्हणून तो जरा सरकला, आणि सुट्टी संपेपर्यंत तिथेच बसून राहिला.